न पडलेला डोंगर

एका रस्त्याच्या भूमिपूजनाला ओव्हाळ मॅडमनी कुदळ मारली, निघालेला दगड उचलला, पदराला पुसला आणि जिभेनं चाटला. फोटोग्राफर नारळ फुटायची वाट बघत होते, त्यांना हे मिळालं. दुसऱ्या दिवशी फोटोखाली छापून आलं, 'आमदारांनी घेतली रस्त्याची चव.'

डॉ. विशाखा ओव्हाळ भूगर्भशास्त्रज्ञ होत्या. दगड ओला झाला की त्याचे कण नीट दिसतात आणि त्यात माती जास्त असेल तर तो जिभेला चिकटतो, असं त्यांनी मला परतताना गाडीत समजावून सांगितलं.

"पण मॅडम, समोर पाण्याच्या बाटल्या होत्या की."

"त्या पाहुण्यांसाठी होत्या," त्या म्हणाल्या.

मी तांबोळी. धायरीत त्यांच्याच सोसायटीत राहतो. सरकारी नोकरीतून निवृत्त झालो त्याच सुमारास मॅडम आमदार झाल्या आणि त्यांनी मला स्वीय सहायक म्हणून बोलावलं. त्यांचं तिकीट हा सगळा अपघातच होता. पक्षातल्या दोन इच्छुकांचं इतकं विकोपाला गेलं, की वरच्यांनी कुणाशीच भांडण नसलेलं माणूस शोधलं. मॅडमचं कुणाशी भांडण नव्हतं, कारण आयुष्यभर त्यांची ऊठबस दगडांशीच होती. घरातही तेच. सोफ्यावर दगड, जेवणाच्या टेबलावर दगड. कुणी भेटायला आलं की त्या म्हणायच्या, "तो काळा उचलून खाली ठेवा आणि बसा." बाकी घरात दुसरं माणूस नव्हतं. लग्न केलं नाही, आईवडील जाऊन बरीच वर्षं झाली होती.

राजकारणात त्यांची पंचाईत करणारा शब्द एकच होता. लोक गाऱ्हाणं घेऊन यायचे, "मॅडम, आमच्या गल्लीत पाणी कधी येणार?" मॅडम शांतपणे सांगायच्या, "माहीत नाही."

पोपट नावाचा आमचा एक जुना कार्यकर्ता होता. त्याला हे सहन व्हायचं नाही. "मॅडम, माहीत नाही म्हणू नका हो. 'बघते' म्हणा."

"बघते म्हणजे काय?"

"म्हणजे माहीत नाहीच. पण माणूस चहा पिऊन घरी जातो."

विधानसभेत तर त्यांनी एकदा उभं राहून, आपण मागच्या अधिवेशनात जे बोललो ते चुकीचं होतं, असं सांगितलं. कुणी मागणी केली नव्हती. बाकं वाजवायची की नाही हे आमच्या पक्षालाही कळेना आणि विरोधकांनाही.

मी हे सगळं घरी रंगवून सांगायचो आणि आम्ही हसायचो. पुढे हसणं थांबलं.

त्या वर्षी पाऊस आठवडाभर उघडला नव्हता. मतदारसंघाच्या टोकाला एक डोंगर आहे, त्याच्या पायथ्याशी एक वस्ती. मॅडम छत्री टाकून वर चढल्या, मी धापा टाकत मागे. वर जमिनीला लांब भेग गेली होती. झाडं एका बाजूला कलली होती आणि कायम नितळ वाहणारा झरा गढूळ झाला होता. मॅडम त्या पाण्यात हात घालून बराच वेळ उकिडव्या बसल्या. उठल्या आणि म्हणाल्या, "वस्ती आजच्या आज हलवायची."

दुपारपर्यंत माणसं कुरकुरत जवळच्या शाळेत गेली. बबन आप्पा मात्र दारातून हलेनात. सत्तरी उलटलेला माणूस. दम्यानं बेजार झालेली बायको, काशीबाई, आत खाटेवर.

"डोंगर पडंल याची खात्री हाय का तुला?" त्यांनी विचारलं.

मॅडम म्हणाल्या, "नाही."

पोपटनं कपाळाला हात लावला.

"मंग कशाला हलू? तिला वारं सोसत न्हाई."

"पडणार नाही याचीही खात्री नाही, आप्पा. तुम्ही इथं राहणार असाल तर मीपण राहते." आणि त्या तिथंच, पागोळ्यांखाली, ओट्यावर बसल्या. साडी भिजून अंगाला चिकटली, चष्म्यावरून पाणी ओघळू लागलं, तरी उठल्या नाहीत. अंधारून यायला लागलं तेव्हा आतून काशीबाईच म्हणाल्या, "अवो, चला की. ती पोर आजारी पडंल."

आम्ही त्यांना खाटेसकट उचलून शाळेत नेलं.

पाऊस थांबला. डोंगर पडला नाही. लोक घरी परतले, फक्त काशीबाई परतल्या नाहीत. शाळेच्या ओल धरलेल्या खोलीत त्यांना ताप भरला, तो छातीत उतरला आणि दवाखान्यात त्या गेल्या.

दहाव्याला मॅडम वस्तीवर गेल्या. आप्पांनी त्यांना पाहिलं आणि पाठ फिरवली. मॅडम हात जोडून थोडा वेळ उभ्या राहिल्या आणि परत आल्या. पुढे निवडणुकीत विरोधकांना वेगळा प्रचार करावाच लागला नाही. 'डोंगर जागेवर, म्हातारी स्वर्गात' एवढंच ते प्रत्येक सभेत म्हणायचे. मॅडमनी एकदाही उत्तर दिलं नाही. आम्ही पडलो.

निकालानंतर पोपट सांत्वन करायला घरी आला. दगड बाजूला सारून बसला आणि म्हणाला, "मॅडम, तो डोंगर पडला असता ना, तर आज तुम्ही मंत्री असता."

मॅडमनी हातातला चहा खाली ठेवला. "पोपटराव, वस्तीत तुमची बहीण राहते," त्या म्हणाल्या आणि उठून आत गेल्या.

पुढे काही दिवसांनी मॅडम सकाळीच म्हणाल्या, "तांबोळीसाहेब, वस्तीवर सोडता का?"

आप्पा ओट्यावर एकटेच बसले होते. मुलं हिंजवडीला कंपनीच्या बस चालवायची, तिकडेच राहायची.

"आता कशाला आलीस? आता तर मतंबी न्हाईत."

"तुम्हाला भेटायला."

मॅडम अंगणात उभ्याच. मी चुळबुळत गाडीपाशी. शेवटी आप्पांनी मान वर केली.

"एक इचारू? खरं सांगशील?"

"सांगीन."

"तिला शाळंत न्हेली नसती, तर जगली असती का?"

मी मनात म्हणालो, मॅडम, आता तरी त्यांची वेळ आली होती म्हणा. म्हाताऱ्याला बरं वाटू द्या.

"बहुतेक जगल्या असत्या, आप्पा," मॅडम म्हणाल्या. "मला डोंगराची भीती वाटली. त्या खोलीतल्या ओलीची भीती वाटली नाही. ती वाटायला हवी होती."

आता आप्पा अंगावर धावून येतील असं मला वाटलं. ते तसेच बसून राहिले. मग पंच्यानं डोळे पुसत म्हणाले, "समदे म्हणत्यात तिचं भरलं व्हतं. पोरंबी तेच म्हणत्यात. मला ठावं व्हतं, ती जगली असती. पण कुणी म्हणंना."

ते सरकले. शेजारी जागा झाली. "बस," म्हणाले.

मॅडम बसल्या. आप्पा काशीबाईंबद्दल बोलत राहिले. ती किती भांडायची, डोक्यावर सरपणाचा केवढा भारा आणायची, सासूशी तिचं कसं जमत नव्हतं. ऊन ओट्यावर आलं तसे आप्पा उठले. "जेवून जा. पिठलं टाकतो."

मॅडमना लोक नेहमी 'पाच मिनिटं येऊन जा' म्हणायचे. 'जेवून जा' म्हटलेलं मी पहिल्यांदा ऐकलं. त्या माझ्याकडे वळल्या. चष्मा काढून हातात धरला होता.

"तांबोळीसाहेब, तुम्ही व्हा पुढे. मला घरी जाऊन तरी काय करायचंय? मी येते बसने."

पदर खोचून त्या आप्पांच्या मागोमाग आत गेल्या. मी गाडी वळवत होतो तेव्हा आप्पांचा आवाज ऐकू आला.

"कांदा बारीक चिर. तिला जाड आवडायचा न्हाई."