आधी कोण घुसलं?

पनवेल तालुक्यातल्या कित्येक लग्नांचा खरा आवाज मी स्वतःच्या हातांनी पुसला आहे, हे आधीच कबूल करतो. मी लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करायचो. दुकानात परत आलो की बँड, बायकांचा गलका, भटजींचा खोकला, सगळं काढून टाकायचो आणि वर सिनेमाची गाणी चढवायचो. लोकांना तेच आवडायचं. म्हणून माझ्या प्रत्येक कॅसेटमध्ये, पुढे सीडीमध्येही, सुकापूरचे हिराजीदादा गाल फुगवून, डोळे मिटून, घामाघूम होऊन सॅक्सोफोन वाजवताना दिसतात, आणि त्यांच्या बाजातून एका गायिकेचा लाडिक आवाज बाहेर पडतो.

दादांच्या तोंडात कायम रीड असते. रीड म्हणजे बाजाच्या तोंडाला लावायची बोरूची पातळ पट्टी. ती ओली हवी, म्हणून लोक तंबाखू ठेवतात तशी दादा ती गालात ठेवतात. चहासुद्धा रीडसकट. एकदा डॉक्टरांनी "आ करा" म्हटल्यावर दादांनी आधी रीड काढून डॉक्टरांच्या हातावर ठेवली. "सांभाल. नाजूक हाय."

तरुणपणी त्यांना उरणच्या बंदरावर काम करणाऱ्या मेहुण्यानं एक कॅसेट दिली होती. वर नाव नाही, गाव नाही. आत अमेरिकेतला कुणीतरी सॅक्सोफोनवर जाझ वाजवत होता. दादांनी त्याचं नाव 'पावना', म्हणजे पाहुणा, ठेवलं आणि ती कॅसेट झिजेपर्यंत ऐकली. "पावना गानं धरतं, मंग गान्याच्या भाएर जातं, गावभर फिरतं. पन घर विसरत नाय!" दादाही तसंच वाजवायला लागले, वरातीत. पहिलं कडवं सरळ, दुसऱ्याला दादा गावभर. कुणी अडवलं की त्यांचं एकच उत्तर, "मोकला सोर!" मोकळा सोड, मग तो सूर असो, पतंग असो, नाहीतर रिक्षावाल्याचा ब्रेक.

पळस्पे फाट्यावरची एक वरात मला आठवते. दादा गाण्याबाहेर पडले आणि नवरदेवाचा घोडा जागच्या जागी थांबला. तो घोडा दादांच्या इतक्या वराती हिंडला होता की मूळ चाल परत ऐकू आल्याशिवाय पाऊलच टाकत नसे. नवरदेव टाचा मारतोय, नवरीचा मामा कपाळ बडवतोय, "आरं दादा, मुहूर्त चालला!" दादांनी क्षणभर बाजा तोंडातून काढला, "मुहूर्ताला मोकला सोर!" आणि पुन्हा बाहेर. बऱ्याच वेळानं चाल घरी आली, घोड्यानं मान हलवली, वरात निघाली. पुढे उरण-पेणपर्यंतच्या बँडांतली पोरं दादांचं ऐकून गावभर फिरायला लागली. भटजी मंडळी मुहूर्त अर्धा तास अलीकडचा सांगू लागली.

दादांचं कौतुक नसलेली व्यक्ती एकच, त्यांची बायको कमळावहिनी. वहिनी धवलारीण होत्या. आगरी लग्नात विधींची गाणी, म्हणजे धवले, म्हणायचा मान त्यांचा. जन्मभर दोघं एकाच लग्नाला जायची. वहिनी मंडपात, दादा रस्त्यावर. "बोकर वरडतं तसा बाजा," असं वहिनींचं मत.

दोघं एकत्र गायली-वाजवली ती एकदाच, लेकीच्या, संगीच्या हळदीला. वहिनी धवल्याची ओळ म्हणायच्या, दादा बाजावर जबाब द्यायचे. बायका टाळ्या पिटत होत्या, मी शूटिंग करत होतो. शेवटच्या ओळीवरून मात्र कडाक्याचं भांडण.

"माजी वल संपली नवती! तू आधीच घुसलास!"

"तूच लांबवलीस!"

हे भांडण कित्येक वर्षं चाललं. घरी आलेल्या पाहुण्याला पाण्याआधी विचारलं जाई, "तूच सांग, कोन घुसला?" मग दोन वर्षांपूर्वी वहिनी गेल्या. भांडण तसंच राहिलं.

यंदा एक दिवस दादा दुकानात आले. "सुरेश, संगीच्या हलदीची टेप कारून दे. खऱ्या आवाजाची. आज फैसला करून टाकू."

त्या मूळ टेपवर मी पुढच्याच आठवड्यात दुसऱ्या कुणाचं लग्न घेतलं होतं. तोंडातून मात्र निघालं, "शोधतो, दादा."

दुसऱ्या दिवशी दादा सुके बोंबील घेऊन हजर. तिसऱ्या दिवशी पुन्हा. "घाई नाय. कमली आता काय पलून जात नाय." महिनाभर मी बोंबील खाल्ले आणि महिनाभर खोटं बोललो. शेवटी एका सकाळी सुकापूर गाठलं.

दार उघडंच होतं. टीव्हीवर मीच दिलेली हळदीची सीडी चालू, आवाज बंद. समोर दादा, गळ्यात बाजा. पडद्यावर वहिनींचे ओठ हलत होते आणि दादा थांबून होते. ओठ मिटले, तसे दादा वाजवू लागले. मला त्यांनी मानेनंच बसवलं.

"तुजी टेप मिलंपरेंत हीच लावली. आवाज बंद केला, नायतर ती सिनेमावाली मधी येतं. आता बग." त्यांनी सीडी मागं नेली. वहिनींचे ओठ अजून हलत होते, आणि मागं उभ्या दादांचे गाल आधीच फुगलेले होते.

"मीच घुसलो रं," दादा म्हणाले. मग टीव्हीकडे वळले. "चुकलो गं कमले." सीडी पुन्हा सुरू करत मला म्हणाले, "पन टेप मिलली तं दे. हरलो तं हरलो, तिचा आवाज तरी आयकू."

पडद्यावर वहिनींचे ओठ पुन्हा हलू लागले. ती जागा त्यांची होती. ओठ मिटले. दादांनी श्वास घेतला, आणि त्यांच्या आधी मी घुसलो.

"दादा, टेप नाही. मी शोधतच नव्हतो. तिच्यावर दुसरं लग्न घेतलं. वहिनींचा आवाज मीच पुसला. माझं चुकलं."