ताणावर ठेवलेलं साल

दाजीसाहेब बहारकर माझ्या लग्नाला सात वर्षं आधी आले होते.

मी तेव्हा नववीत. अंगणात म्हैस धूत होतो. डोक्याला जरीचा फेटा, पायात करकरणारे जोडे अशी ही असामी फाटकातून आत आली. त्यांनी माझ्या हातात स्टीलचा डबा कोंबला, डोक्यावर अक्षता टाकल्या, उरलेल्या म्हशीवर टाकल्या आणि म्हणाले, "सुखानं नांदा."

"दाजीसाहेब, पोराले अजून मिशी नाही फुटली न जी!" आई ओरडली.

दाजीसाहेब चपापले. "असं काय? लिंबाच्या वाफ्यातून आलो. तो वाफा जरा पुढं पडते."

खऱ्या लग्नाला ते आले तेव्हा माझी थोरली मुलगी पाढे म्हणत होती. पण डबा अजून चालू आहे, म्हणून आम्ही बोलत नाही.

राळेगावहून आमचं गाव एसटीनं अर्धा तास. दाजीसाहेबांना ती एसटी कधी सापडलीच नाही. दहाच्या गाडीला ते एक वाजता येत. "गेली का?" "गेली, अन् वापस बी आली." "येऊ दे. घाई कायले?" हे त्यांचं ब्रीद. बागेच्या फाटकावरही तेच कोरलेलं.

ही बाग म्हणजेच बहारकरांचं राज्य. आमच्याकडे संत्र्याला ताण देतात हे तुम्हाला ठाऊक असेल. पाणी तोडायचं. पानं गळतात, झाडाला वाटतं आता आपण मेलो. मग पाणी सोडलं की जीव खाऊन फुलतं. दाजीसाहेबांच्या पणजोबांनी ही युक्ती सालावर, म्हणजे अख्ख्या वर्षावर, केली. चांगलं साल आलं की वाफ्यात गाठायचं आणि त्याचं पाणी तोडायचं. साल जागच्या जागी थांबतं. पाट सोडला की पुन्हा बहरतं, पण एकदाच. बहार तोडला की खेळ खलास.

खोटं वाटतं? मी स्वतः मेथीच्या वाफ्यात पाय घातला तर तीन वर्षांपूर्वी हरवलेली माझी चप्पल तिथं सापडली. नवीकोरी. एकच, पण नवीकोरी.

पुढे कापसाची वाईट वर्षं आली आणि बागेला पाहुणे फुटले. पाहणीचे साहेब त्या काळाच्या पुढं पडणाऱ्या लिंबाच्या वाफ्यात शिरले आणि दोन मिनिटांत अहवाल घेऊन बाहेर आले. 'परिस्थिती समाधानकारक.' जीपचं इंजिन अजून गरमच होतं. बियाणं विकणारा आला, "ह्याले अळी लागतच नाही," म्हणाला. दाजीसाहेबांनी पाकीट त्याच वाफ्यातून फिरवून आणलं. अळी एवढी जाड झालेली की तिनं त्या माणसाला नमस्कार केला. एक पुढारी म्हणाले, "आमाले निवडणुकीच्या नंतरचा गाव दाखवा." दाखवलं. त्यात गाव होतं, खड्डे होते, पुढारी काही दिसले नाहीत.

एका वर्षी बोंडअळीनं शिवारात एक बोंड धड ठेवलं नाही. तेव्हा सगळं गाव बागेच्या फाटकाशी गेलं. बोलायला मी पुढे, कारण माझं तोंड मोठं.

कोपऱ्यात काटेरी कुंपणाच्या आत एक म्हातारं संत्र्याचं झाड होतं. त्या वाफ्यात बारा वर्षांपूर्वीचं साल ताणावर होतं. काय साल ते! कापूस असा फुटला की गावातले पांढरे बैल तीन दिवस कोणाला सापडले नाहीत.

"दाजीसाहेब, ते साल सोडा," मी म्हणालो.

"नाही."

"गाव मरून राह्यलं, अन् तुमी साल दाबून बसले! राजे म्हनता न सोताले?"

दाजीसाहेबांनी फेटा काढला. फेट्याशिवाय ते मला पहिल्यांदाच दिसले. लहान दिसले.

"त्या सालात तुमच्या माईसाहेब हायेत रे," ते म्हणाले. "सकाळी न्याहारी झाली का मी तिथं जातो. ते बोलते, मी ऐकतो. मंग एसटी जाते."

माईसाहेब म्हणजे त्यांची बायको. त्यांना जाऊन अकरा वर्षं झाली होती. गावाला वाटे, दाजीसाहेब सकाळी उशिरापर्यंत झोपतात. आम्ही वळलोच होतो, तर वेचणाऱ्या बायांची म्होरकी शेवंताबाई पुढे आली. पहिल्या वेचणीला धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, दही-भात ठेवल्याशिवाय आमच्याकडे कापसाला कोणी हात लावत नाही. तिच्या हातात भाताची वाटी होती.

"राजे, भात आनला. दही दरसाल माईसाहेबाच्या घरचं राहे," ती म्हणाली. "औंदा बोंडच नाही, तं हा भात ठिवू कुठं?"

दाजीसाहेबांनी त्या वाटीकडे पाहिलं. मग कुदळ घेऊन कुंपणाआड गेले. पाटाला पाणी सुटल्याचा आवाज झाला. झाड असं फुललं की राळेगावपर्यंत लोक शिंकले. आणि आतून बाईमाणसाचा खणखणीत आवाज आला.

"फोडला का पाट शेवटी? बारा वर्सं लावले! घाई कायले म्हने! अन् शेवंता उभी हाय न बाहेर, तिले दही नेऊन द्या. सकाळीच विरजलं."

दाजीसाहेब बाहेर आले ते दह्याचं गाडगं घेऊन. शेवंताबाईनं धुऱ्यावर दही-भात ठेवला. संध्याकाळपर्यंत आमचे बैल पुन्हा सापडेनासे झाले.

दाजीसाहेब तेवढ्यात परत कुंपणाआड गेले होते. आत आवाज नव्हता.

दुसऱ्या दिवशी मी पावणेदहाला एसटीच्या थांब्यावर गेलो, तर बाकावर दाजीसाहेब आधीच बसलेले. शेजारी एका माणसाची जागा सोडून.

"काहून दाजीसाहेब? आज टाइमावर?"

त्यांनी त्या रिकाम्या जागेवरची धूळ हातानं पुसली.

"आता उशीर कोणापाशी करू रे?"