परत करणाऱ्या चंद्राकाकू

आमच्या शेजारच्या चंद्राकाकू वस्तू विकत घेत नाहीत. त्या वस्तूला चार दिवस घरी राहायला बोलावतात. वागणूक पटली तर ठेवून घेतात, नाही तर ज्या दुकानातून आणली तिथे नेऊन पोचती करतात. दुकानदार ती हसत घेतो की रडत, हा त्याचा प्रश्न.

मी या बाबतीत अगदीच शेळपट माणूस आहे. एकदा मी दोन्ही डाव्या पायांचे बूट घरी घेऊन आलो. दुकानात परत कसं जायचं, दुकानदार काय म्हणेल, या भीतीने ते बूट मी वर्षभर माळ्यावर लपवून ठेवले. दिवाळीच्या साफसफाईत बायकोला सापडले आणि पुढची दिवाळी येईपर्यंत तिला विषय पुरला. त्यामुळे काकूंकडे मी पहिल्यापासून भीतीयुक्त आदरानेच बघत आलो आहे.

अंबरनाथला, शिवमंदिराकडे जाणाऱ्या रस्त्यावर आमची चार मजल्यांची इमारत आहे. काकू ठाऊक नाहीत असा एकही विक्रेता त्या रस्त्यावर नाही. अर्धं खाल्लेलं कलिंगड त्यांनी परत केलेलं मी स्वतः पाहिलंय. "पहिलं अर्धं लाल होतं, त्याचं काय म्हणणं नाय. हे अर्धं फिकं हाय." तीन वर्षं वापरलेला कुकर त्यांनी परत नेला, कारण त्याची शिट्टी रडकी होती. "घरात सुतक असल्यावानी वाटतं," त्या म्हणाल्या, आणि दुकानदाराने चार शिट्ट्या वाजवून त्यांना पसंतीची दिली. एकदा तर सत्यनारायणाच्या गुरुजींना त्यांनी जिन्यातून माघारी बोलावलं. गुरुजींनी चौथा अध्याय भराभर गुंडाळला होता. "पाच अध्यायांची दक्षिणा घेतली ना? मग बसा," काकू म्हणाल्या. गुरुजी बसले. प्रसादाचा शिरा खाऊन हात धुतलेली मंडळीही पुन्हा बसली.

वस्तू काउंटरवर ठेवताना काकूंचं एक वाक्य ठरलेलं असतं: "घेतलं तसं दिलं." ते खरं असण्याची गरज नसते. त्यांच्या दिवाणात गाद्यागोधड्या नाहीत, नुसते रिकामे खोके आहेत. मिक्सरचा, इस्त्रीचा, पंख्याचा. न जाणो कधी लागतील.

आता काकूंच्या यजमानांबद्दल, म्हणजे अण्णांबद्दल सांगायला हवं. अण्णांनी जन्मभर इथल्याच एका कारखान्यात क्रेन चालवली. वर छताजवळच्या केबिनमध्ये बसायचं, दोन हातांनी दोन दांडे धरायचे, आणि टनावारी लोखंड उचलून अंडं ठेवावं तसं खाली ठेवायचं. खालच्या कामगाराच्या हातातला चहासुद्धा हलायचा नाही, असं अण्णा सांगायचे. दोन वर्षांपूर्वी त्यांना अर्धांगवायूचा झटका आला. बोलणं सुधारलं, पाय सुधारला, डावा हात मात्र मांडीवर पडून राहिला. व्यायाम शिकवायला येणाऱ्या मुलीने दाबायला रबरी चेंडू दिला, तर अण्णांनी तो उजव्या हाताने खिडकीबाहेर फेकला. शेवटी ती पोरगी म्हणाली, "व्हिडिओ गेम आणा. खेळता खेळता बोटं हलतील."

काकू लगोलग उल्हासनगरला गेल्या आणि मुरलीभाईच्या दुकानातून एक जुना गेमचा डबा घेऊन आल्या. सोबत दोन मुठींचा तो रिमोट. मुरलीभाईने खातंबितं उघडून फुटबॉलचा एक गेमही ऑनलाइन विकत घेऊन दिला. तिसऱ्या दिवशी सकाळी काकू माझ्या दारात उभ्या. डबा चादरीत बांधलेला. "मंगेश, स्कूटर काढ. फुटबॉल परत करायचाय."

मुरलीभाईच्या दुकानात मोठ्या लाल अक्षरांत पाटी आहे: 'बिका हुआ माल वापस नहीं होगा.' काकू नेमक्या त्या पाटीखाली जाऊन उभ्या राहतात. तिथे पंख्याचा वारा चांगला लागतो म्हणे. त्यांनी चादर सोडली आणि डबा पुढे सरकवला.

"मुरलीभाई, इसमें से फुटबॉल निकाल लो."

"क्या निकालूं, आंटी?"

"वो गेम. बाकी डब्बा अच्छा हाय, वो हम रखेंगे. घेतला तसा दिला."

मुरलीभाईने डोक्याला हात लावला. "अरे साईं, गेम डब्बे में नहीं होता. गेम ऊपर से आता है."

काकूंनी वर पाहिलं. "ऊपर किसकी दुकान हाय?"

"ऊपर तो दांत का डाक्टर है, आंटी!"

काकू जिन्याकडे वळल्यासुद्धा होत्या. मी त्यांना कसंबसं थांबवलं. मुरलीभाईने आधी स्वतःसाठी आणि मग आम्हा दोघांसाठी चहा मागवला आणि नियम समजावून सांगितला. गेम ज्या ऑनलाइन दुकानातून घेतला तिथेच परत करायचा. चौदा दिवसांच्या आत मागणी करायची आणि गेम दोन तासांपेक्षा जास्त खेळलेला नसावा. "बस लिखना पड़ेगा. इंग्लिश में," तो म्हणाला, आणि मग ते दोघेही माझ्याकडे बघायला लागले. मी बदलापूरच्या एका शाळेत इंग्रजी शिकवतो. हे मुरलीभाईला कुणी सांगितलं ते वेगळं सांगायला नको.

अशा रीतीने जो माणूस बूट परत करू शकला नाही, तो काकूंचा अधिकृत लेखनिक झाला. पहिला अर्ज मी तीनदा वाचून पाठवला. दुसऱ्या दिवशी पैसे परत! मी आनंदाने उड्या मारत काकूंकडे गेलो, तर काकूंचा चेहरा पडलेला.

"कोण काय बोललंच नाय?"

"नाही."

"तोंडपण वाकडं केलं नाय?"

"काकू, त्याला तोंडच नाही. ते यंत्र आहे."

"मग याला काय परत करणं म्हणतात?" काकू खिन्नपणे म्हणाल्या. त्यांनी घरून चार मुद्दे काढून ठेवले होते, ते वाया गेले.

ते मुद्दे पुढच्या वेळी कामी आले. अर्जात कारण निवडायला तयार यादी असायची, पण काकूंचा यादीवर विश्वास नव्हता. एकदा मी 'खेळ फार अवघड वाटला' या ओळीवर टिचकी मारणार, तेवढ्यात माझ्या हातावर फटका बसला. "अवघड कशाला? वाईट लिव. खेळच वाईट हाय." मग त्या सांगायच्या आणि मी शब्दकोश घेऊन भाषांतर करायचो.

गाड्यांच्या शर्यतीचा गेम: "एवढा मोठा रस्ता आणि एक खड्डा नाय. लोकांना काय वेडं समजता?" मेलेली माणसं उठून धावतात तो गेम: "दिवेलागणीच्या वेळी घरात असलं नको." शेतीच्या गेमवर काकू सगळ्यात जास्त भडकल्या. त्यांचं माहेर जवळच्याच जांभूळ गावचं, सात पिढ्या भातशेतीत गेलेल्या. "पेरल्यावर दहा मिनटात कापणी! असं असतं तर माझ्या बापाची कंबर मोडली असती काय? लिव त्यांना!" मी लिहिलं. कंबरेसकट लिहिलं. परदेशात कुठे तरी बसून तो अर्ज वाचणाऱ्याची मला दया यायची, पण खरं सांगतो, मजाही यायची. शाळेत निबंध तपासताना मी हळूच हसायचो.

दोन तासांचा नियम काकू काटेकोर पाळत. गजराचं घड्याळ टीव्हीवर ठेवलेलं असे. अण्णा रिमोट मांडीवर घेऊन बसत. उजवा अंगठा झरझर चाले. डावा नुसता गाडी वळवायच्या दांडीवर ठेवलेला असे, काकूंनीच उचलून ठेवलेला. गाडी सरळ जाई आणि भिंतीवर आपटे. पुन्हा सरळ, पुन्हा भिंत. गजर झाला की काकू टीव्ही बंद करत. "भंगार खेळ हाय, उद्या दुसरा बघू."

हे सगळं माझ्या डोळ्यांदेखत होत होतं, आणि माझ्या मठ्ठ डोक्यात मात्र एकच गोष्ट बसली होती: म्हातारीला फुकट चाखायची चटक लागलीय. इमारतीच्या गच्चीवर मी काकूंचे अर्ज नकलेसकट लोकांना वाचून दाखवले. लोक पोट धरून हसले. मीही हसलो.

आठवा गेम परत केल्यावर त्या ऑनलाइन दुकानाचा मेल आला. आपण वारंवार पैसे परत मागत आहात, यापुढची मागणी खास तपासली जाईल, कारण न पटल्यास नाकारली जाईल आणि नंतर या खात्यावरचा एकही गेम परत घेतला जाणार नाही. मी तो काकूंना वाचून दाखवला. आता मोजून एकच संधी होती. दोन दिवस विचार करून त्यांनी मला हाक मारली. "मंगेश, क्रेनचा गेम असतो काय रे?"

असतो. बंदरातली क्रेन, जहाजावर पेट्या चढवायच्या. पेन्शनमधून घ्यायला चांगलाच महाग. काकूंनी घासाघीस करायची जागा शोधली, ती नव्हती, तरी घेतला. पडद्यावर क्रेनची केबिन दिसली आणि अण्णा खुर्चीत ताठ बसले. इतकं ताठ मी त्यांना दोन वर्षांत पाहिलं नव्हतं. "हां," ते म्हणाले, "हे आपलं काम."

त्या दिवशी गजर वाजला तेव्हा काकूंनी टीव्ही बंद केला नाही. अण्णांनी पेटी उचलली होती, पण ती डावीकडे वळवता येत नव्हती. ते पुन्हा उचलत, पुन्हा सोडत. कपाळावर घाम आला होता. दोन तासांवर आणखी पाऊण तास गेला. शेवटी त्यांनी रिमोट बाजूला ठेवला आणि आत जाऊन निजले. भरदुपारी.

रविवारी सकाळी काकूंनी मला बोलावलं. पोहे झाले, चहा झाला. अण्णा खुर्चीत बसले होते. दोन तासांची मर्यादा उलटली होती, म्हणून या वेळी यंत्र नव्हतं, पलीकडे जिवंत माणूस होता. तो लिहायचा, मी मोठ्याने मराठीत सांगायचो. खरं तर काकूंना हवं ते भांडण आता मिळालं होतं, पण त्यांचं लक्ष नव्हतं.

माणूस सभ्य होता. त्याने आमचे जुने अर्ज पाहिले. मग त्याने लिहिलं आणि मी वाचलं, "खेळणाऱ्याला तब्येतीची काही अडचण आहे का? उदाहरणार्थ हाताची? तसं असेल तर कळवा. आम्ही पैसेही परत करू आणि आपलं खातंही पूर्ववत करू."

"काकू, सुटलो!" मी ओरडलो. "एका ओळीचं काम! लिहितो, अण्णांच्या डाव्या हाताला—"

"मंगेश."

मी वर पाहिलं. काकू माझ्याकडे बघत नव्हत्या, अण्णांकडे बघत होत्या. अण्णा खिडकीकडे बघत होते.

"लिव," काकू म्हणाल्या. "खेळ वाईट हाय."

"अहो पण तो नाही म्हणेल. सगळंच बंद होईल."

"होऊ दे. खेळ वाईट हाय. माणसात काय खोट नाय."

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. नऊ गेम, नऊ कारणं, खड्डे काय आणि कापणी काय, आणि एकदाही, चुकूनसुद्धा, जमत नाही असा शब्द नाही. आणि मी गच्चीवर नकला करत होतो. मला माझीच इतकी लाज वाटली की अक्षरं दिसेनात. मी लिहिलं, खेळ वाईट आहे. दोन मिनिटांत उत्तर आलं. क्षमस्व, मागणी मान्य करता येत नाही. उभ्या आयुष्यात चंद्राकाकूंची वस्तू पहिल्यांदाच कुणी परत घेतली नव्हती.

मग अण्णांनी घसा खाकरला.

"क्रेन अशी नसतेच मुळी," ते म्हणाले. "बनवणाऱ्याने जन्मात क्रेन बघितली नसणार."

"तेच तर सांगतेय मी याला," काकू म्हणाल्या.

त्यांनी पदराला हात पुसले, स्टूल ओढलं आणि अण्णांच्या डाव्या बाजूला बसल्या. रिमोट अण्णांच्या मांडीवर ठेवला. त्यांचा डावा हात उचलून मुठीवर बसवला आणि वरून आपला हात ठेवला, अंगठ्यावर अंगठा. "पैसे दिलेत आता. टाकून थोडाच देणार? कुठं न्यायची पेटी ते सांगा."

"डावीकडे," अण्णा म्हणाले. "हळू. अगं हळू! जहाज फोडशील!"

पेटी गरगर फिरली, जहाजाच्या नाकाला धडकली आणि समुद्रात पडली. काकू किंचाळल्या. अण्णा मोठ्याने हसले. दुसरी पेटीही बुडाली. तिसरी बुडता बुडता एका माणसाच्या टोपीवरून गेली आणि मीसुद्धा खुर्चीवर उभा राहून ओरडायला लागलो. आवाज ऐकून माझी बायको काय झालं ते बघायला आली आणि दारातच थांबली.

चौथी पेटी सावकाश वर गेली, वळली आणि जहाजावर अलगद टेकली.

अण्णांनी आपल्या हाताकडे पाहिलं. "आत्ता मी वळवली ना गं? का तू?"

"मी कुठं काय केलं?" काकू म्हणाल्या. "मी नुसता हात ठेवलाय."