चनमल्लप्पाच्या उवा आणि पडताळणी समिती

युद्ध कसं असतं, हे युद्धावर न गेलेल्यांना पक्कं ठाऊक असतं. म्हणूनच १९३४ साली सोलापुरात, बंद पडलेल्या एका तंबू-सिनेमाच्या पेटीत महायुद्धातल्या, इराककडच्या बसऱ्याच्या मोहिमेची चित्रफीत सापडली, तेव्हा ती तपासायला रीतसर समिती नेमली गेली. सभासद थोर होते: एक वकील, एक हेडमास्तर आणि महायुद्धात पलटणींना घोंगड्या पुरवून (निम्म्या विरलेल्या) देशसेवा केलेले एक शेटजी.

कुंभारीच्या धुळाप्पालाही बोलावलं. तो त्या मोहिमेवर जाऊन आला होता, एवढीच काय ती त्याची लायकी. बिचारा परतल्यावर आधी खरंच सांगायचा, तर कुणी चहासुद्धा पाजेना. मग तो गोष्टींत तलवारी उपसू लागला आणि चहा सुरू झाला. त्याचा जिवलग चनमल्लप्पा तिकडं तापानं गेला होता. त्यालाही त्यानं सात तुर्क कापल्याशिवाय मरू दिलं नाही. चनमल्लप्पाच्या बायकोला, अक्कम्माला, त्यानं हेच सांगितलं होतं. आज तीही आली होती, त्यामुळं धुळाप्पाचा जीव टांगणीला लागला होता.

पडद्यावर शिपाई दिसले. समितीच्या मोजदादीप्रमाणे पाण्याची वाट बघणं चाळीस टक्के, खणणं तीस, पेंगणं वीस, उवा मारणं दहा. लढाई निरंक.

उवांच्या दहा टक्क्यांत चनमल्लप्पा होता. सदरा उलटा करून शिवणीतल्या उवा टिपत खदखदून हसत होता.

"अगं बया, धनी हसत्यात की!" अक्कम्मा उभीच राहिली. "भावजी, तुमी तर सात तुर्क म्हनत हुता."

धुळाप्पाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "खोटं सांगितलं, वैनी. लढाई म्हंजी लई करून हेच."

"मग हेच का न्हाय सांगितलं? हसत हुते, एवडं तरी कळलं असतं." तिनं डोळे पुसले. "पुन्यांदा दावा की."

समितीनं एकमतानं ठरवलं: धुळाप्पा युद्धावर गेलेला दिसत नाही; उवा कापून टाकाव्यात; त्या जागी एका पौराणिक बोलपटातले घोडे जोडावेत. (अक्कम्माची विनंती विषयपत्रिकेवर नसल्यानं विचारात घेता आली नाही.)

खेळाला तोबा गर्दी लोटली. अक्कम्मा बाहेरच बसली, आणि धुळाप्पा तिला चनमल्लप्पा कसकसा हसायचा ते सांगत राहिला. ते ऐकायला मात्र कुणी थांबलं नाही.

राहिला प्रश्न वाचकांचा. तेही इथवर, लढाई कधी येते, याचीच वाट बघत आले आहेत. त्यांची जागा आत बाकावर धरून ठेवली आहे. घोडे आता उधळतीलच.