तुपेमामांची बरणी

एकतीस डिसेंबरला संध्याकाळी तुम्ही आमच्या कॉलनीत आलात, तर फाटकातच एक गृहस्थ तुमच्यापुढे लोणच्याची बरणी धरतील. डोक्याला कानटोपी, अंगात खाकी स्वेटर, गळ्यात शिट्टी. तुम्ही "हॅपी न्यू इयर" म्हणायला तोंड उघडाल, तेवढ्यात ते म्हणतील, "ते मागून. आधी चावी."

स्कूटर असो, मोटारसायकल असो, नाहीतर कालच शोरूममधून आणलेली कोरी गाडी असो, चावी बरणीत पडल्याचा खणकन आवाज झाल्याशिवाय गच्चीवरच्या पार्टीला जाता येत नाही. एका वर्षी समोरच्या घरचे नवे जावई अडून बसले. "किती घ्यायची ते मला कळतं," म्हणाले. गृहस्थ जागचे हलले नाहीत. शेवटी सासऱ्यांनीच जावयाच्या खिशात हात घालून चावी काढली आणि बरणीत टाकली. लग्नात झाले नसतील एवढे रुसवेफुगवे त्या दिवशी झाले.

हे आमचे तुपेमामा. माझे सख्खे शेजारी, म्हणजे आमच्या दोघांच्या अंगणांमध्ये कमरेएवढी भिंत आहे. चिकलठाण्याच्या एका कारखान्याच्या गेटवर त्यांची उभी हयात गेली. कामावर येणाऱ्या माणसाचं तोंड हुंगायचं आणि जाणाऱ्याची पिशवी बघायची, हे त्यांचं काम. निवृत्त झाले, पण गेट काही त्यांच्यातून निघालं नाही. दूधवाला आला तरी ते आधी त्याच्या किटलीत डोकावतात. माझा मेहुणा नाशिकहून आला, तेव्हा त्याला "कुणाकडं? काय काम? किती वेळ?" हे तीन प्रश्न विचारूनच त्यांनी आमचं दार दाखवलं. कुणी कुरकुर केली की त्यांचं एकच उत्तर ठरलेलं असतं, "गेट म्हंजे गेट."

मामा स्वतः थेंबालाही शिवत नाहीत. आयुष्यात एकदाच घेतली होती, मेहुण्याच्या लग्नात. ती हकिगत मामी सांगायच्या, पदर तोंडाला लावून. वरात आली आणि मामा मांडवाच्या तोंडाशी आडवे हात करून उभे राहिले. नवरदेवाला त्यांनी सोडलं, पण घोड्याला सोडेनात. घोड्याकडे गेटपास मागत होते. घोडेवाल्याने परोपरीने समजावलं, शेवटी मामींच्या वडिलांनी पत्रिकेच्या पाठीवर सही करून दिली, तेव्हा घोडा आत गेला. दुसऱ्या दिवशी मामांनी सासऱ्यांच्या पायावर डोकं ठेवलं आणि तेव्हापासून बाटलीचं तोंड पाहिलं नाही.

पण पिणाऱ्यांवर त्यांचा राग नाही. "मी पीत नाय, पण पिणाऱ्याला सोडत बी नाय," असं ते म्हणतात. पार्टीत ते जिन्याच्या तोंडाशी खुर्ची टाकून बसतात आणि शेंगदाणे सोलता सोलता एकेकावर नजर ठेवतात. एकेकाचं काय होतं ते त्यांना पाठ आहे. जोशी एरवी अबोल माणूस, दुसऱ्या ग्लासाला इंग्रजीत बोलू लागतात आणि तिसऱ्याला सगळ्यांना माफ करून टाकतात. बिडकीनच्या कंपनीतला आमचा किशोर इंजिनिअर आहे; त्याला चढली की तो पाण्याच्या टाकीवर हात फिरवून "हिचं वेल्डिंग बघा" म्हणत गहिवरतो. माझ्याबद्दल म्हणाल तर मी बेताचीच घेतो. फक्त शाळेतल्या गणिताच्या गुरुजींना फोन लावतो. गुरुजी आता फोन बंद करून ठेवतात, असं कळलं.

कॉलनीतलेच अस्लमभाई त्या गर्दीत नुसता सोडा पितात. त्यांचं शहागंजमध्ये कापडाचं दुकान आहे, येताना ते खोकंभर इमरती घेऊन येतात. तरी जिना उतरताना मामा त्यांनाही अडवतात. "हाऽ करा."

"मामा, मैं तो पीताच नै ना!"

"म्हून काय झालं? गेट म्हंजे गेट. हाऽ करा."

अस्लमभाई हाऽ करतात. मामा हुंगतात आणि "इमरती खाल्ली, लई खाल्ली," असा निकाल देऊन त्यांना सोडतात. चावी मात्र त्यांचीही बरणीतच राहते.

कारण चाव्या त्या रात्री परत मिळतच नाहीत. कितीही गयावया करा, कितीही सरळ रेषेत चालून दाखवा. "उद्या सकाळी. आंघोळ करून या," एवढंच उत्तर मिळतं. बाहेरच्यांनी रिक्षा करायची, कॉलनीतल्यांनी पायी घर गाठायचं.

हा सगळा खटाटोप सुरू झाला तो किशोरमुळे. एका वर्षी पार्टीनंतर त्याला पान खायची हुक्की आली आणि तो मोटारसायकल घेऊन निघाला. सकाळी सापडला तो जालना रोडलगतच्या गोठ्यात, कडब्याच्या गंजीवर, एका म्हशीच्या शेजारी गाढ झोपलेला. खरचटलंसुद्धा नव्हतं. आम्ही सगळे पोट धरून हसलो. मामा हसले नाहीत. ते गंजीच्या पलीकडचा रस्ता आणि त्यावरून जाणारे ट्रक बघत राहिले. पुढच्या एकतीस डिसेंबरला ते बरणी घेऊन फाटकात उभे होते.

बरणी मामींची. चिनी मातीची, पिवळट, वरून तपकिरी. दरवर्षी त्या तिच्यात कैरीचं लोणचं घालायच्या आणि ते निम्म्याहून अधिक कॉलनीच खायची. किशोरच्या त्या पराक्रमानंतरच्या उन्हाळ्यात मामी गेल्या. बरणी धुऊनही लोणच्याचा वास काही गेला नाही, त्यामुळे सगळा जानेवारी आमच्या चाव्यांना मोहरी-हिंगाचा वास येत असतो. पेट्रोल पंपावरचा माणूस एकदा मला म्हणाला, "साहेब, डबा सांडला का?"

खरी मजा एक तारखेच्या सकाळी. डोकं ठणकतंय, डोळे उघडत नाहीत, आणि चावीसाठी मामांच्या दारात जावंच लागतं. तिथे आधी "हाऽ करा." मग ताकाचा ग्लास. मग सुशीला. सुशीला म्हणजे भिजवलेल्या मुरमुऱ्यांचा आमच्या मराठवाड्यातला नाश्ता. मामींच्या हातची प्रसिद्ध होती, आणि मामांनी ती त्यांच्यामागे शिकून घेतली. मिरची जरा जास्त पडते, पण उतरायला ती बरीच. ती खाऊन झाली की चावी मागावी, तर बरणी माळ्यावर असते. शिडी जोशींकडे असते. शिडी येईपर्यंत चहा होतो. नवरा का आला नाही म्हणून बायका बघायला येतात, त्यांच्यापुढेही बशा येतात. आई का आली नाही म्हणून पोरं येतात. दहा-अकरापर्यंत मामांच्या अंगणात कॉलनीचा मेळा भरलेला असतो, आणि मामा मधूनच शिट्टी वाजवून "रांगेत, रांगेत!" असं ओरडत असतात. आम्ही त्यांना नावं ठेवायचो. एक चावी द्यायला माणूस किती घोळ घालतो, म्हणायचो.

या वर्षी किशोर कॉलनीचा सेक्रेटरी झाला आणि त्याने आल्या आल्या सुधारणा केली. गच्ची नको, करमाडकडच्या एका शेतावर हुरडा पार्टी करू. बायकापोरांसकट सगळे जाऊ. न्यायला-आणायला टेम्पो ट्रॅव्हलर. ड्रायव्हर माळकरी. कुणीच गाडी चालवायची नाही, म्हणजे चाव्यांची भानगडच नको. मीटिंगमध्ये टाळ्या पडल्या. मामांना आता किती बरं वाटेल, असंच सगळ्यांना वाटलं.

संध्याकाळी मामा भिंतीशी आले.

"ड्रायव्हर माळकरी हाय म्हणे."

"व्हय मामा. निर्धास्त राहा."

"त्याचं तोंड कोण हुंगणार?"

"तुम्हीच हुंगा की. तुम्ही पण येताय ना."

मामा थोडा वेळ भिंतीवरचा चुना नखाने खरवडत राहिले. मग म्हणाले, "मंग सकाळी कुणी यायचं नाय?"

"कशाला यायचं? चाव्या आपापल्या घरी. या वर्षी तुम्ही जरा आराम करा."

"आराम. व्हय," म्हणाले आणि आत गेले.

मला त्यात काही वावगं दिसलं नाही. सुनंदा, माझी बायको, भाजी निवडत होती. तिने माझ्याकडे एकदा पाहिलं आणि पुन्हा मान खाली घातली. ही तिची सवय आहे. माझं काहीतरी चुकलं की ती बोलत नाही, भाजी जरा जोरात मोडते.

पार्टी छान झाली. कोवळा हुरडा, शेंगदाण्याची चटणी, गूळ, आणि ज्यांना हवं त्यांच्यासाठी झाडामागे सोय. जोशींनी सगळ्यांना माफ केलं. किशोर विहिरीवरच्या मोटारीचं वेल्डिंग बघून गहिवरला. माळकरी ड्रायव्हरला मामांनी जाताना दोनदा आणि येताना तीनदा हाऽ करायला लावलं. शेवटी तो बिचारा मामा दिसले की आपणहून तोंड उघडू लागला. मामा त्याच्या शेजारच्या सीटवर बसले होते आणि त्यांच्या मांडीवर बरणी होती. रिकामी. मी विचारलं, "ही कशाला आणली?" तर म्हणाले, "सवय." परत आल्यावर एकेक जण उतरू लागला, तेव्हा मामा प्रत्येकाला "उद्या..." म्हणायचे आणि तिथेच थांबायचे. उतरणाऱ्यांपैकी ऐकायच्या स्थितीत कुणीच नव्हतं.

एक तारखेला सकाळी मी उठलो. डोकं दरवर्षीसारखंच ठणकत होतं. पाय आपोआप चपलेत गेले आणि मी मामांकडे जायला निघालो. दाराशी खिळ्यावर माझी चावी लटकत होती. मी चपला काढल्या. चावी हाताशी असून सकाळ उगीच मोकळी मोकळी वाटली.

तेवढ्यात भिंतीपलीकडून फोडणीचा वास आला.

मी डोकावून पाहिलं. मामा आंघोळ करून, धुतलेला सदरा घालून अंगणात उभे होते. चुलीवर लग्नातली असावी एवढी मोठी कढई होती आणि ती सुशीलाने काठोकाठ भरलेली होती. ओट्यावर बशांची चळत लावलेली, ताकाच्या घागरीवर ओलं फडकं, आणि मधोमध बरणी, झाकण काढून ठेवलेली. शिडीसुद्धा आज आधीच आणून भिंतीला टेकवली होती. मामा फाटकाशी झाडू मारत होते. झाडून स्वच्छ झालेलीच जागा पुन्हा झाडत होते आणि दर वेळी रस्त्याकडे बघत होते. वरून विमान गेलं, त्यांनी त्याच्याकडेही पाहिलं.

सुनंदा मागे येऊन उभी राहिली होती. "परवाच मुरमुऱ्यांचं पोतं आणलंय त्यांनी," ती हळूच म्हणाली. "मी म्हटलं, मामा, या वर्षी कुणी येणार नाही ना? तर म्हणाले, चुकून कुणी आलं तर? मामी होत्या तेव्हा त्या घरात रोज माणूस असायचं. आता ही एक सकाळ काय ती."

माळ्यावर ठेवलेली बरणी, दुसऱ्याकडची शिडी, मध्येच होणारा चहा, हे सगळं एकदम डोळ्यांपुढे उभं राहिलं. चाव्यांची त्यांना काळजी होती, ती खरीच. पण बरणी माळ्यावर ठेवण्याचं कारण वेगळं होतं.

मी खिळ्यावरची चावी घेतली, भिंतीवरून उडी मारली (डोक्यात घंटा वाजली, ते जाऊ द्या) आणि चावी बरणीत टाकली. खणकन आवाज झाला. मामा झाडूसकट वळले.

"हे काय? पार्टी तर काल झाली."

"काल जमा करायची राहिली, मामा."

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. मग झाडू भिंतीला टेकवला, कानटोपी सारखी केली आणि जवळ आले. "हाऽ करा."

मी हाऽ केलं.

"लई झालीय तुमाला. आता चावी मिळायची नाय. बसा," म्हणाले आणि ताकाचा ग्लास माझ्या हातात कोंबला.

तोवर सुनंदाने कॉलनीच्या ग्रुपवर मेसेज टाकला होता: "मामांकडे चाव्या जमा करायच्या राहिल्या आहेत. सर्वांनी आंघोळ करून यावे." आधी जोशी आले. किशोर आला, केस ओले, डोळे लाल, हातात मोटारसायकलची चावी. "मामा, चुकलं माझं," म्हणाला. "रांगेत," मामा म्हणाले. अस्लमभाईंनी दुकानाच्या शटरची चावी टाकली आणि विचारायच्या आधीच तोंड उघडून उभे राहिले. पोरांनी सायकलींच्या कुलपांच्या चाव्या आणल्या. जोशींच्या म्हाताऱ्या आईने कमरेची कपाटाची किल्ली काढली आणि "मी काल नुसता हुरडाच खाल्ला बरं का," असं बजावून बरणीत टाकली. मामांनी तिलाही हाऽ करायला लावलं. शिट्ट्या वाजत होत्या, बशा फिरत होत्या, मिरची सगळ्यांना लागत होती आणि सगळे पुन्हा वाढून घेत होते.

ऊन चढलं तशी एकेकाने आपली चावी हुडकून नेली. अंगण रिकामं झालं. मीही निघालो आणि भिंतीवर पाय टाकला, तेव्हा मामांनी बरणी हलवून पाहिली. आत एकच चावी वाजली.

"ओ, तुमची चावी राहिली की!"

"असू द्या मामा," मी म्हटलं. "उद्या येतो न्यायला."

मामांनी बरणी पोटाशी धरली. मग तोंड कढईकडे वळवून म्हणाले, "आंघोळ करून या."