माणसं मारणारे रेणूभाऊ

"मी बजारात गेलती, वांगे आनले," असं सहा फुटी, पांढऱ्या दाढीचा माणूस आमच्या दारात उभा राहून सांगतो, तेव्हा नवा पाहुणा बोलणारी बाई शोधायला लागतो. बाई नसतेच. असतात ते आमचे शेजारी रेणूभाऊ. मूळ नाव रेनातो, मूळ गाव इटलीत. दारव्ह्याच्या सुनंदाबाई तिकडे नर्स होत्या. लग्न तिकडंच झालं आणि म्हातारपणी दोघं इकडे आले. मराठी त्यांनी बायकोच्या तोंडून उचलली, तिच्या 'गेली', 'आली'सकट. पुढं सुनंदाबाई वारल्या. रेणूभाऊ मात्र परत गेले नाहीत. काहून, ते गल्लीला कधी कळलं नाही.

त्यांचा धंदाही कळेना. टपरीवर कोणीतरी विचारलं, "भाऊ, तिकडं काय करत होते?"

"मानसं मारत होती," रेणूभाऊ चहात फुंकर घालत म्हणाले. "लई मारली."

टपरीवाल्याची गाळणी हवेतच राहिली. त्यानंतर त्यांच्या बाकावर कोणी बसेना. शेवटी मीच जाऊन खुलासा आणला. ते तिकडच्या टीव्ही मालिका लिहीत. एखादा नट रुसून निघून गेला की यांना बोलावणं येई आणि हे त्याच्या पात्राचा निकाल लावत. कोणी बोटीतून पडे, कोणी जिन्यावरून. एका पाद्र्याला मधमाश्या चावल्या. यांचं नाव अगदी शेवटी बारीक अक्षरांत येई, पण त्याआधीच जाहिरात लागे.

हे सगळं ऐकून टपरीवाला म्हणाला, "मंग पोलीस केस नाई झाली?"

संध्याकाळी ते आईसोबत मालिका पाहायला येत. पात्र नुसतं खोकलं तरी म्हणत, "गेला हा." आणि तो जाई! आई भडके, "काय अभद्र बोलता हो तुमी!" पण दुसऱ्या दिवशी त्यांचा चहा तयार असे.

दिवाळीनंतर आई पडली, खुब्याचं हाड मोडलं. यवतमाळच्या दवाखान्यात तिच्या खोलीत टीव्ही नव्हता. रेणूभाऊ रोज जीपनं येत आणि आदल्या दिवशीची मालिका सांगत. एकदा मी घरी होतो, म्हणून मीही पाहिली. आईची लाडकी मालती, मालिकेतली सासू, अपघातात गेली.

दुसऱ्या दिवशी रेणूभाऊ आईला सांगत होते, "मालतीनं पुरनपोळी केली. सुनेशी भांडून राह्यली." पुढं मालिकेत तिचं तेरावं झालं, त्या दिवशी यांनी तिला दिग्रसला बहिणीकडं पाठवलं.

मी त्यांना व्हरांड्यात गाठलं. "भाऊ, मालती तर मेली ना?"

"दवाखान्यात कोनाले मारत नाही," ते म्हणाले, आणि जीप धरायला निघाले.

मी आत येऊन आईजवळ बसलो. "आई, तुले एक सांगू?"

"मालती मेली, हेच ना? बाजूच्या खाटेवरची बाई मोबाईलवर पाह्यते. मले पह्यल्याच दिवशी समजलं."

"मंग रोज आयकून काहून घेतं?"

आईनं पांघरूण ओढून घेतलं.

"बोलू दे त्याईले. घरी गेल्यावर कोन आयकते त्याईचं?"