याच दशकात खुला होईल

शहरातल्या सार्वजनिक जलतरण तलावात पाणी सोडलं तर सगळं काही होतं. निळ्या फरश्या होत्या, चकचकीत शिड्या होत्या, 'पळू नये, ढकलू नये' अशी सूचना होती आणि उंच खुर्चीवर गळ्यात शिट्टी अडकवून बसलेले जीवरक्षक होते. त्यांच्या कारकिर्दीत एकही माणूस बुडाला नव्हता. त्याबद्दल त्यांना दोनदा प्रशस्तिपत्रही मिळालं होतं. फाटकावर फलक होता : 'दुरुस्ती चालू. तलाव याच दशकात जनतेसाठी खुला होईल.'

या तलावावर मुलींचा पोहण्याचा संघ रोज सराव करायचा. कसा, तेही सांगायला हवं. काठावर लाकडी बाकं मांडलेली असायची, त्यांवर मुली पालथ्या पडायच्या आणि प्रशिक्षक बाई ओरडायच्या, "हात पुढे! पाय मार! तोंड पाण्याबाहेर काढ!" पाणी फक्त स्पर्धेच्या दिवशी, परगावी दिसायचं. ते पाहून मुली इतक्या हरखायच्या, की उडी मारायचं सोडून बघतच राहायच्या.

संघातली सगळ्यात वेगवान जलतरणपटू, म्हणजे बाकावरची, होती पुरवणी. तिचं खरं नाव हजेरीपटापुरतं उरलं होतं. कुणी काहीही बोललं, की "त्यात एक छोटीशी भर घालते हं" म्हणत ती उत्तरपत्रिकेला जोडावी तशी माहिती जोडायची, म्हणून पुरवणी. पूर्वी ती वर्गात तोंड उघडत नसे. मग वक्तृत्वात पहिलं बक्षीस मिळालं आणि तेव्हापासून तोंड मिटेना. आई म्हणायची, "बक्षीस परत घेतात का गं ते लोक? विचारून ये एकदा."

कनिष्ठ गटात पोहायला पुरवणीकडे जेमतेम दोन वर्षं उरली होती. तेवढ्यात खरं पाणी मिळालं तर पदक नक्की, असं बाई म्हणायच्या. नाही मिळालं, तर पुढे वरिष्ठ गट. तिथल्या पोरी म्हणे खरोखर पोहतात.

सालाच्या शेवटचा नऊ जाऊन शून्य आला, त्याच आठवड्यात शिष्टमंडळ तलाव अधिकाऱ्यांच्या खोलीत शिरलं. बाई, पुरवणी आणि पुरवणीची जिवाभावाची मैत्रीण बेडकी.

"साहेब, दशक संपलं," बाई म्हणाल्या. "पाणी कुठे आहे?"

अधिकाऱ्यांनी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. तलावात नव्हतंच, आता त्यांच्या तोंडचंही पाणी पळालं. दशक उलटलं आणि काम अपुरं, म्हणजे वरून चौकशी! "दुरुस्ती तशी कधीच झालीये हो," ते चाचरत म्हणाले. "नळ सोडायचं तेवढं कुणी सांगितलं नव्हतं." त्यांनी घाईघाईने फोन उचलला. "हां, पंपघर? ऐका, आत्ताच्या आत्ता तलावात पाणी सो..."

आणि पुरवणीची जीभ वळवळली. आदल्याच आठवड्यात इतिहासाच्या तासाला कळलेली गोष्ट तिच्या पोटात मावत नव्हती.

"साहेब, त्यात एक छोटीशी भर," ती म्हणाली. "मोजणीत शून्य साल नव्हतंच. पहिलं साल एक. मग पहिली दहा वर्षं दहाव्या सालाच्या अखेरीला भरली. तसंच पुढे मोजत आलं, तर हे दशक यंदाच्या डिसेंबरअखेर संपेल. अजून वर्ष बाकी आहे!"

अधिकाऱ्यांनी झोपलेलं बाळ ठेवावं तितक्या अलगद फोन खाली ठेवला. "पुन्हा सांगा बरं, मॅडम."

आजवर तिला मॅडम कुणी म्हटलं नव्हतं. पुरवणीने पुन्हा सांगितलं, हातवाऱ्यांसकट. खरं सांगायचं तर तिला फार छान वाटलं. हे छान वाटणं जिन्यापर्यंत टिकलं. जिन्यात बेडकी म्हणाली, "तुला वर्षभर बाकाला दोरीने बांधते, थांब."

ते वर्षही बाकावर गेलं. पुढच्या जानेवारीत शिष्टमंडळ पुन्हा निघालं. पुरवणीला घरीच ठेवावं असं बेडकीचं मत होतं, पण पुरवणी म्हणाली, "वेडे, आता दोन्ही हिशेबांनी दशक संपलंय. आता मी बोलून काय बिघडणार?"

"तू बोलूच नकोस," बाई दाराशी थांबून म्हणाल्या. "पाण्याखाली आहेस असं समज. श्वास रोख आणि तोंड बंद."

पुरवणीने गाल फुगवून श्वास रोखला. आत सगळं सुरळीत झालं. अधिकारी दमलेले दिसत होते. "लोकांच्या मोजणीने संपलं, मॅडमच्या मोजणीनेही संपलं," ते उसासा टाकत म्हणाले. "सोडतो पाणी." त्यांनी फोन फिरवला आणि पलीकडून कुणी उचलेपर्यंत सहज पुटपुटले, "बरं झालं, दशकं दोनच प्रकारची असतात."

पुरवणीचा चेहरा लाल झाला. मग जांभळा. बाईंनी तिचं मनगट दाबलं. बेडकीने तिच्या पायावर पाय दिला.

"दोनच नाही!" पुरवणी फुटली. "कोणतीही सलग दहा वर्षं म्हणजे दशकच की!"

"कोणतीही?" फोन हवेत थबकला.

"कोणतीही."

"म्हणजे आज सकाळपासून मोजली, तरी?"

"काटेकोरपणे पाहिलं तर..."

"नको ना पाहूस काटेकोरपणे!" बेडकी किंचाळली.

"...हो," पुरवणी म्हणाली.

त्या दिवसापासून रोज सकाळी कार्यालय उघडलं की तलावाचं नवं दशक सुरू होतं. फलकावरचं अक्षरही बदलावं लागलं नाही. जो जेव्हा वाचेल, त्याचं दशक तेव्हापासून. याच न्यायाने रोज संध्याकाळी एक दशक पूर्णही होतं, म्हणून जीवरक्षक शिट्टी वाजवतात आणि उपस्थितांना पेढ्याऐवजी शुभेच्छा दिल्या जातात. पुरवणीला 'मानद दशक सल्लागार' नेमण्यात आलं. नकार द्यावा असं तिच्या मनात आलं होतं, पण खुर्ची गरगर फिरणारी होती. बेडकी तिला पाण्यात पाहू लागली. शहरात तेवढंच काय ते पाणी.

यथावकाश पुरवणीची कनिष्ठ गटाची दोन्ही वर्षं सरली. पदक मिळालं नाही. बाई हल्ली तिला हात पुढे कर म्हणत नाहीत, नुसतं "तोंड पाण्याबाहेर" म्हणतात आणि पुढच्या बाकाकडे वळतात. पुरवणी आता सगळ्यांना सांगते, की आपण बरोबर होतो. ती होतीच बरोबर.

आणि वाचकहो, मघाशी बोटांवर मोजून "पोरीचा मुद्दा चुकीचा नाही हं" असं तुम्हीही म्हणालात ना? या, दशक सल्लागारांच्या समितीत अजून दोन फिरत्या खुर्च्या रिकाम्या आहेत. फक्त पोहण्याचे कपडे आणू नका.